कुरडयांच्या भरवशावर साठ मेगावॅट

माझ्या सासूबाईंनी गच्चीवरच्या कुरडया उचलल्या, की साठ मेगावॅटचं वीजकेंद्र उभं राहायचं. गंमत म्हणून सांगत नाही. त्या केंद्राचा चालक मीच होतो, आणि ते उभं राहायचं ते माझ्या डोळ्यांदेखत, मला एका शब्दानेही न विचारता.

पहिल्यापासून सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल, वाल्मीक उगलेला ऊन लागलं.

मी मूळचा जालन्याचा. बायको रेणुका ही आईबापांची एकुलती एक, सासरे लग्नाआधीच गेलेले, घरात सासूबाई एकट्या. आमचं लग्न झालं त्याच वर्षी त्यांच्या गावाच्या, म्हणजे गव्हाणखेडच्या माळावर सौर केंद्र झालं आणि तिथे मला नोकरी लागली. आता सांगा, काय करणार? झालो घरजावई. हा शब्द उच्चारताना लोक ओठाचा एक कोपरा जरा वर नेतात, ते मी आठ वर्षं बघतोय. पण कमावत्या घरजावयाला निदान कुणी तोंडावर बोलत नाही. नोकरी गेलेल्या घरजावयाचं काय होतं, ते मला स्वतःवर प्रयोग करून बघायचं नव्हतं.

सासूबाईंचं नाव कुशावर्ताबाई टेकाळे. मी त्यांना मामी म्हणतो. त्या मला जावईबापू म्हणतात, भातावर तुपाची धार धरतात, आणि माझं एक अक्षर ऐकत नाहीत. मी म्हणालो पाण्याची टाकी भरली, तर स्वतः जिना चढून झाकण उघडून बघतात आणि मग खाली येऊन रेणुकाला सांगतात, "भरली वं टाकी." जणू ती बातमी घरात पहिल्यांदाच आली. रेणुकाकडे तक्रार केली तर ती म्हणते, "आई बाबांचंही ऐकायची नाही. तुम्ही कोण लागून गेलात?"

तर केंद्राविषयी. आमच्या माळावर नव्वद हजार प्लेटा आहेत. हल्लीची सौर प्लेट फार नाजूक, वरची काच दोन मिलिमीटर. जाड केली तर वजन वाढतं, खर्च वाढतो आणि ऊन आत कमी शिरतं. आणि आमच्याकडे फाल्गुन-चैत्रात गारा पडतात. लिंबाएवढी गार आभाळातून सुटली की जमिनीवर येईपर्यंत तिचा वेग हायवेवरच्या मोटारीएवढा होतो. ती सरळ काचेवर बसली की खेळ खलास.

यावर उपाय अगदी साधा आहे. प्लेटा मोटारीवर फिरतात, दिवसभर सूर्याकडे तोंड करतात. गारा येणार असल्या की त्यांना जवळजवळ उभं करायचं, पंच्याहत्तर अंशांवर. थप्पड समोरून बसली तर गाल सुजतो, निसटती बसली तर नुसता वारा लागतो. तसंच इथे. उभ्या काचेवर गार घासून जाते, फटक्याचा जोर पंधराव्या हिश्श्यावर येतो आणि काच वाचते.

आता तुम्ही म्हणाल, मग ठेवा की कायमच्या उभ्या! पण उभी प्लेट वीज देत नाही. इथे सगळं विजेवर चालतं: पिठाची गिरणी, शीतगृह, ट्रॅक्टर, फवारणीची ड्रोनं. शिवाय नव्वद हजार प्लेटा उभ्या व्हायला बारा मिनिटं लागतात. म्हणजे गार पडायच्या निदान पाव तास आधी कळलं पाहिजे. रडार ढगातली गार दाखवतं, पण ती वाटेत वितळणार, शेजारच्या गावावर पडणार की आमच्या डोक्यावर, हे त्याला सांगता येत नाही. सगळी मेख तिथे आहे.

पूर्वी हा निर्णय मी घ्यायचो. कशावरून? ते मला धड सांगता येत नाही. वारा एकदम पडतो, मग पायाच्या घोट्याला गार झुळूक लागते, ढगाच्या पोटाला हिरवट झाक येते, आणि आतून वाटतं की आली. असं वाटलं की मी आधी माळावर जायचो. पहिल्या ओळीच्या टोकाला एक पेटी आहे, दुरुस्तीच्या वेळी मोटार हाताने चालवायची. तिचा खटका दाबून पहिली ओळ दोन-चार अंश हलवून बघायचो. एकदा ऐन वेळी मोटारी अडकल्या होत्या, तेव्हापासूनची सवय. ओळ हलली की परत केंद्राच्या खोलीत यायचं आणि सगळ्या माळाचं बटण दाबायचं.

तीन वर्षांपूर्वी मी चुलतभावाच्या लग्नाला जालन्याला गेलो. त्याच दिवशी गारा आल्या. बदलीच्या माणसाने रडारवर विश्वास ठेवला आणि बावीस हजार प्लेटांचा भुगा झाला. मी परतलो तेव्हा माळ साखर सांडल्यासारखा चमकत होता. कंपनीने गावात सभा घेऊन सांगितलं की नव्या प्लेटा बसवतो, पण पुन्हा असं झालं तर गाशा गुंडाळून जाऊ. चाळीस घरांच्या चुली त्या केंद्रावर आहेत. एकेचाळिसावी माझी, म्हणजे मामींची.

आणि विमा कंपनीने अट घातली की इथून पुढे प्लेटा उभ्या करायचा निर्णय माणसाने घ्यायचा नाही. माणसाला डुलकी लागते, माणूस लग्नाला जातो. निर्णय यंत्राने घ्यायचा.

त्या यंत्राचं नाव राखणदार. पुण्याच्या मुख्य कचेरीतल्या मृण्मयी ठोसर या तरुण इंजिनिअर बाईंनी ते बनवलं. राखणदाराला कुणी नियम शिकवले नव्हते. रडार, हवेचा दाब, विजांची मोजणी, माळावरच्या खांबांवरचे सहा कॅमेरे, सगळं त्याच्यापुढे ओतलं होतं आणि सांगितलं होतं की गारा कधी पडतात ते तुझं तूच शोध. दोन वर्षं ते नुसतं बघत होतं. ती दोन वर्षं खटका आणि बटण माझ्याच हातात होतं. सतरा वेळा गारा आल्या, सतरा वेळा मी प्लेटा वेळेवर उभ्या केल्या, एक काच फुटली नाही. त्याबद्दल कुणी मला साधा चहा पाजला नाही, कारण सगळ्यांचं लक्ष यंत्र किती शिकलं याकडे.

या फाल्गुनात राखणदाराच्या हाती कारभार गेला. माझ्या बटणावर कुलूपबंद झाकण आलं. मी नुसता पडद्यासमोर बसायचो, पगारी प्रेक्षक. पहिल्याच महिन्यात एकदा गारा आल्या आणि यंत्राने वीस मिनिटं आधी प्लेटा उभ्या केल्या. एवढा नेम रडारलाही जमला नव्हता. ठोसर मॅडम आनंदाने पुण्याहून धावत आल्या.

"उगले, मला बघायचंय हे नेमकं कशाच्या आधारावर ठरवतं," असं म्हणत त्यांनी यंत्राचं पोट उघडलं. दोन तास आकडे बघितले आणि मग मला जवळ बोलावलं.

"वायव्येकडच्या कॅमेऱ्यात कोपऱ्यात एक पांढरा डाग आहे. तो दिसेनासा झाला की वीस मिनिटांत गारा पडतात. यंत्राचा सत्तर टक्के भरवसा त्या एका डागावर आहे! रडार वगैरे नुसतं तोंडी लावायला. काय आहे ते?"

मी चित्र मोठं केलं. एक गच्ची दिसली. गच्चीवर बाज, बाजेवर पांढरं धोतर, धोतरावर कुरडया. शेजारी पदर खोचलेली एक मूर्ती.

"आमच्या मामी आहेत," मी म्हणालो.

ठोसर मॅडम त्याच संध्याकाळी घरी आल्या आणि मामींसमोर वाकल्याच. मामी चीक हाटत होत्या. कुरडयांचा गहू तीन दिवस भिजवायचा, वाटायचा, त्याचा चीक काढून शिजवायचा, आणि त्या वेळी मामींशी कुणी बोलायचं नसतं, नाहीतर गुठळ्या होतात. मॅडम वीस मिनिटं उंबऱ्यात उभ्या राहिल्या.

"मावशी, गारा येणार हे तुम्हाला कसं कळतं?" चूल विझल्यावर त्यांनी विचारलं.

मामींनी माझ्याकडे बघितलं, रेणुकाकडे बघितलं, पदर सारखा केला. "आतून समजते," त्या म्हणाल्या.

खोटं कशाला बोलू, गावात मामींची ती ख्याती होतीच. दोन वर्षांत त्यांच्या वाळवणावर एक थेंब पडला नव्हता. शेजारणी त्यांच्या गच्चीकडे बघून आपापले पापड आत घ्यायच्या. पण आता त्याच्यावर कंपनीचा शिक्का बसला. मामींना 'स्थानिक निरीक्षक' म्हणून नेमलं, गळ्यात फोटोचं ओळखपत्र आलं, गच्चीवर छत्री आणि खुर्ची आली. कामाची अट एकच होती, रोज सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच गच्चीवर कुरडया दिसल्या पाहिजेत.

रोज! वर्षाला दोन पायल्यांच्या कुरडया पुरतात हो एका घराला. आमच्याकडे पंधरा दिवसांत सगळे डबे भरले, मग कणगी भरली, मग माझी कपड्यांची पेटी भरली. माझ्या जेवणाच्या डब्यात तळलेली कुरडई, कुरडईची भाजी, कुरडईचा चिवडा. मी रेणुकाला म्हणालो, "अगं, कालच्याच कुरडया पुन्हा पसरल्या तर कॅमेऱ्याला काय कळणार आहे?"

मामी आतून म्हणाल्या, "जावईबापू, मी पगार घेऊन फसवणूक करीन? तुमच्या खात्यात चालत असंल तसं."

त्या आता घरातही ओळखपत्र काढेनात. जेवायला बसलो की विचारायच्या, "काय म्हणते तुमचं मशीन? मले इचारल्याशिवाय पान हालत नाई म्हनतात त्याचं." मी खाली मान घालून कुरडई मोडायचो.

एवढ्यावर भागलं असतं तर मी गप्प बसलो असतो. पण चैत्र लागला आणि यंत्राचं डोकं फिरलं. स्वच्छ ऊन, आभाळात ढगाचा ठिपका नाही, सकाळचे अकरा वाजलेले, आणि पडद्यावर अक्षरं आली: 'गारपीट शक्यता ९४ टक्के.' नव्वद हजार प्लेटा उभ्या राहिल्या. गिरणी बंद, शीतगृह बंद, चार्जिंगला लावलेले ट्रॅक्टर ठप्प. अर्धा तास सगळं गाव आभाळाकडे बघत छपराखाली उभं. गार सोडा, घामाशिवाय काही पडलं नाही.

तीन दिवसांनी पुन्हा तेच. मग पुन्हा. गिरणीवाला निवृत्ती मला रस्त्यात अडवून म्हणाला, "वाल्मीकभाऊ, तुमच्या सासूले जरा आवरा. अर्धं दळण गिरणीतच अडकलं माह्यं."

"मला आवरत असत्या तर मी जालन्याला नसतो का?" मी म्हणालो.

वार मात्र मी टिपून ठेवले होते. मंगळवार आणि शुक्रवार, अकराच्या सुमारास. मी विचार करून थकलो. गावाने माझ्याआधी उत्तर शोधलं. मंगळवार-शुक्रवार म्हणजे देवीचे वार, तेव्हा कुशावर्ताबाईंच्या अंगात येतं! झालं. पुढच्या शुक्रवारी आमच्या दारात खण-नारळ घेऊन अकरा बाया उभ्या. कुणाला मुलाच्या नोकरीचं विचारायचं होतं, कुणाला हरवलेल्या म्हशीचं. मामी आधी गोंधळल्या, मग त्यांनी म्हशीचं सांगितलं. म्हैस सापडली. त्यानंतर रांग जिन्यापर्यंत गेली.

मी एकदा धीर करून गच्चीवर गेलो. "मामी, मंगळवारी आभाळ कोरडं ठाक होतं. तुम्ही कुरडया उचलल्या कशावरून?"

"आतून समजलं."

"पण गारा आल्या नाहीत."

"येनार होत्या. प्लेटा उभ्या राह्यल्या ना, मंग वापस गेल्या," मामी म्हणाल्या आणि खालच्या बाईला हात करून वर बोलावलं.

रात्री रेणुकाला म्हणालो की मॅडमना कळवतो, हे यंत्र बिघडलंय. ती एकदम गंभीर झाली. "अहो, आई बासष्ट वर्षांची झाली. आजवर तिला कुणी एक शब्द विचारला नव्हता. आता गाव विचारतंय. तुम्ही तिचं हे घालवू नका." मला राग आला, पण तिचं खरं होतं. मी म्हणालो, बरं.

मग तो बुधवार उजाडला.

दुपारचे तीन वाजले होते. मी पडद्यासमोर डुलक्या घेत होतो आणि एकदम जाग आली, कारण पंख्याचा आवाज मोठा वाटायला लागला. बाहेरचा वारा पडला होता. दार उघडलं तर घोट्यांना गार झुळूक लागली. पश्चिमेला ढग चढला होता आणि त्याच्या पोटाला शेवाळासारखी हिरवट झाक होती. आली!

धावत आत येऊन पडदा बघितला. 'गारपीट शक्यता ८ टक्के.'

आठ! मी रडार लावलं, ढगात लाल गोळा दिसत होता. मी वायव्येचा कॅमेरा लावला. गच्चीवर कुरडया पसरलेल्या, मामी छत्रीखाली खुर्चीत बसलेल्या, ओळखपत्र गळ्यात, आणि कपाळावर हात धरून थेट कॅमेऱ्याकडे बघतायत. म्हणजे माळाकडे.

मी फोन लावला. "मामी, कुरडया उचला! गारा येतायत!"

"कोन म्हनते?"

"मी म्हणतो!"

"तुमाले काय समजते वो जावईबापू? अजून प्लेटा हालल्या नाईत."

"काय?"

"पह्यली ओळ हालली की मी उचलते. दोन वर्सांपासून तेच करून राह्यली मी. मशीनले आधी समजते, ते पह्यली ओळ डोलवते, मंग मी उचलते. अजून डोललीच नाई. उगा ओल्या कुरडया उचलू का?" आणि त्यांनी फोन ठेवला.

दोन वर्षं मशीन कुठे डोलवत होतं? मशीन तर नुसतं बघत होतं. पहिली ओळ मी डोलवत होतो! पेटीच्या खटक्याने, हाताने, ज्याची नोंद कुठल्याच वहीत होत नाही. फाल्गुनातल्या त्या गारपिटीलाही सवयीने मीच जाऊन खटका दाबला होता. मामी माझी ओळ बघून कुरडया उचलायच्या, आणि यंत्र मामींच्या कुरडया बघून गारांचा अंदाज बांधायला शिकलं होतं. चैत्रापासून बचत गटाच्या बाया काच पुसायला पहाटेऐवजी अकराला यायला लागल्या होत्या, मंगळवारी आणि शुक्रवारी. पुसायचं यंत्र चढवायला त्या पहिली ओळ तिरपी करतात. ही आमची देवी!

आणि आता मामी प्लेटांची वाट बघत होत्या, प्लेटा मामींची वाट बघत होत्या, आणि ढग कुणाचीच वाट बघत नव्हता.

बटणावर कुलूप, किल्ली पुण्यात. मी पळत सुटलो. खोलीपासून पहिल्या ओळीचं टोक सातशे मीटर आहे. मी आठ वर्षांत बसस्टँडवरसुद्धा पळालो नव्हतो, त्यात दीड महिना कुरडया खाल्लेल्या. अर्ध्या वाटेत चप्पल तुटली, ती टाकली. काटे, खडे, जे असेल त्यावरून पळालो. मनात एकच, की चाळीस चुली, एकेचाळिसावी माझी. पेटीशी पोचलो, झाकण उघडलं, खटका दाबला.

काही नाही.

पुन्हा दाबला. दोन्ही अंगठ्यांनी दाबला. बाया आता ओळ तिरपी करायला त्यांच्या यंत्राचा रिमोट वापरायच्या. ही पेटी फाल्गुनापासून कुणी उघडली नव्हती. आत मुंग्यांनी वारूळ केलं होतं. ओळ एक अंशसुद्धा हलली नाही. मी पेटीला लाथ मारली, अनवाणी पायाने, आणि मटकन खाली बसलो. खरं सांगतो, डोळ्यांत पाणी आलं. पायामुळे थोडं, बाकीचं कशामुळे ते तुम्हाला माहीत आहे.

आणि तेवढ्यात माझ्या मागे कर्रर्र असा आवाज झाला. मी वळून बघितलं. आख्खा माळ उठत होता. ओळीमागून ओळ, नव्वद हजार प्लेटा हळूहळू उभ्या राहत होत्या.

मला काही उमजेना. मी गच्चीकडे बघितलं. गच्ची कोरी होती. बाज नाही, धोतर नाही, मामी नाहीत.

बाराव्या मिनिटाला शेवटची ओळ उभी राहिली आणि पंधराव्या मिनिटाला पहिली गार माझ्या खांद्यावर बसली. उभ्या प्लेटांखाली आडोसा नसतो, हे त्यांचं एक वाईट आहे. बायांची एक प्लास्टिकची बादली पडली होती, ती डोक्यावर उलटी घातली आणि वीस मिनिटं ढोल वाजल्यासारखं ऐकत बसलो. आजूबाजूला गारा काचांवरून घसरत होत्या आणि जमिनीवर थर साचत होता. थांबल्यावर मी बादली काढली आणि ओळीओळीतून लंगडत फिरलो. नव्वद हजारांपैकी सतरा प्लेटांना तडे होते. मी एकटाच मोठ्याने हसत सुटलो.

दुसऱ्या दिवशी ठोसर मॅडम पेढे घेऊन आल्या. मला राहवलं नाही. मी दार लावून त्यांना सगळं सांगितलं: पेटी, पहिली ओळ, मामी, बाया, मंगळवार-शुक्रवार. मॅडमचा चेहरा उतरत उतरत गेला.

"म्हणजे राखणदार गारा ओळखत नव्हता," त्या शेवटी म्हणाल्या. "तो तुम्हाला ओळखत होता. मावशींमार्फत."

"तसंच म्हणायचं."

"गच्चीचा कॅमेरा काढला तर याचा नेम निम्म्यावरही राहणार नाही. मी वर कळवलं तर ते यंत्र बंद करतील, आणि यंत्राशिवाय विमा नाही. विम्याशिवाय..."

"गाशा गुंडाळणार," मी म्हणालो. "मग मलाच पुन्हा बटण द्या की!"

"माणसाच्या अंदाजाचा विमा कुणी काढत नाही हो उगले." त्यांनी एक पेढा उचलला, परत ठेवला आणि मग त्यांना हसू आलं. त्या इतक्या हसल्या की चष्मा काढावा लागला. "असं करू. काच पुसायची वेळ परत पहाटेची करते. ती पेटी दुरुस्त करते. आणि अहवालात लिहिते की गच्चीवरील निरीक्षण चालू ठेवणे अत्यावश्यक. यातलं एक अक्षर खोटं नाही."

"मामींना यातलं काही सांगू नका," मी म्हणालो.

"नाही सांगत. पण एक मला समजलं नाही. काल तर तुमची पेटी चाललीच नाही. पहिली ओळ हललीच नाही. मग मावशींनी कुरडया कशावरून उचलल्या?"

"तेच मला कळत नाही. तुम्ही विचारा."

"विचारलं. म्हणाल्या, आतून समजलं."

दुपारी मी जेवायला घरी गेलो. पायाला पट्टी होती म्हणून मामींनी पाट न मांडता खुर्ची दिली. ताटात वरण-भात, तूप, लोणचं. कुरडई नव्हती. रेणुका पाणी आणायला आत गेली होती. मामींनी तुपाची वाटी खाली ठेवली आणि ओळखपत्राची दोरी बोटाला गुंडाळत उभ्या राहिल्या.

"मामी," मी म्हणालो, "काल प्लेटा हलल्या नव्हत्या."

"ठावं हाय मले. माहे डोळे शाबूत हायेत."

"मग उचलल्या कशा?"

मामींनी आधी आत बघितलं, रेणुका ऐकत नाही ना याची खात्री केली आणि आवाज खाली आणला.

"तुमाले पळताना पाह्यलं ना गच्चीवरून. अनवानी. आठ वर्सांत माह्या जावयाले कधी पळताना पाह्यलं नाई मी. म्हटलं, हा मानूस पळून राह्यला म्हंजे खरंच काही येऊन राह्यलं." त्यांनी माझ्या भातावर पुन्हा तुपाची धार धरली, थांबवलीच नाही. "मंग माह्या ध्यानात आलं, त्या पेटीपाशी मी तुमालेच पाहत आली इतके दिवस. ते जाऊ द्या. पुढल्या खेपेले पळू नका बाप्पा, एक फोन करजा फक्त. मी उचलीन."